बुजवण्यात आला

"शेवट बदल," श्रीपाद सरांनी प्रबंध टेबलावरून पुढे सरकवला. "बाकी काम उत्तम आहे."

जिज्ञासाने निष्कर्षाचं पान उघडलं. तिच्या वाक्यावर लाल रेघ मारली होती. वर सरांच्या अक्षरात नवं वाक्य होतं : 'मांजर्लीचा ओढा बुजवण्यात आला.'

तिच्या मस्तकात तिडीक गेली.

"बुजवण्यात आला म्हणजे काय, सर? ओढा आपणहून झोपला का?"

"प्रबंधाची भाषा अशीच असते."

असतेच. आपल्याकडे डोंगर पोखरले जातात, झाडं तोडली जातात, माणसं बुडून मरतात. करणारा कुणी नसतोच. दोष सगळा पावसाचा. चोर सोडून संन्याशाला सुळी, आणि वर व्याकरणाचा आधार.

गेल्या पावसाळ्यात मांजर्लीत पाणी शिरलं तेव्हा तळमजल्यावरच्या गोदूबाईंना खाटेवरून उठताच आलं नाही. त्या तिथेच गेल्या. जिज्ञासाने महिनाभर आधीच त्यांची मुलाखत घेतली होती. "ओढा व्हता तवर पानी कदी घरान नाय आला, पोरी," असं म्हणत त्यांनी तिला चहा पाजला होता. तो कप तिला अजून आठवत होता.

लाल रेघेखाली तिचं वाक्य होतं : 'हा ओढा जयदेव मढवी याने भराव टाकून बुजवला, म्हणून गोदूबाई बुडाल्या.'

"निष्कर्षात नवीन काही आणायचं नसतं," सर म्हणाले. "नाव काढ."

"नवीन कुठंय? तिसऱ्या प्रकरणात डंपरचे फोटो आहेत की."

"ते कुठून मिळाले, असं विचारतील."

"मीच काढलेत. रोज दिसायच्या गाड्या."

सरांनी उठून दार लोटलं. "निदान 'याने'चं 'यांनी' कर. वयाने मोठे आहेत."

"'याने'च राहणार."

"आईशी बोललीस?"

"ती काय बोलणार? आमचं सगळं सोनिवली गाव गप्प बसतं, तशी तीही बसते."

"तुला त्याच गावात राहायचंय, बाळ. संध्याकाळी तो माणूस घरी येईल. मग?"

"येऊ दे. दार मीच उघडेन."

जिज्ञासाला सरांची चीड आली. वर्गात 'ठाम लिहा, मिळमिळीत शेवट करू नका' म्हणून घसा फोडणारा माणूस ऐन वेळी शेपूट घालत होता.

"एवढं घाबरता त्याला, सर?"

"मी?" सर थोडे हसले. "मी उल्हासनगरला राहतो. मला काय करणार तो?"

"मग माझं वाक्य राहू द्या."

सरांनी प्रबंध पुन्हा स्वतःकडे ओढला. मग त्यांनी स्वतःचं वाक्य खोडलं आणि तिच्या वाक्याखाली सही केली.

"एक राहिलं," प्रबंध मिटून ते म्हणाले. "मुखपृष्ठावर नुसतंच 'जिज्ञासा' लिहिलंयस. विद्यापीठाला पूर्ण नाव लागतं."

"लागतंच का?"

"लागतं. म्हणून तर सांगत होतो."

तिने त्यांच्या हातातलं लाल पेन घेतलं. 'जिज्ञासा'च्या पुढे तिने लिहिलं : जयदेव मढवी.