निळ्या फुलांचं भांडं

लव्हॉनने तयार मळलेल्या पिठाची पुठ्ठ्याची नळी ओट्याच्या कडेवर आपटली. पुठ्ठा फट्‌कन फुटला आणि आतलं गार पीठ फुगून बाहेर आलं. संधिवाताने बोटं वाकडी झाल्यापासून तिने लाटणं माळ्यावर टाकलं होतं. दुकानातली ही नळी फोडायची, पिठाचे आखलेले त्रिकोण सुटे करायचे, परतलेल्या खिम्यात टाको मसाल्याची पुडी आणि किसलेलं चीज घालून ते सारण भरायचं आणि कडा काट्याने दाबायच्या. ओव्हनमध्ये बारा मिनिटांत करंज्या तयार.

"नळी फोडली की झाला हिचा स्वयंपाक!" फोनवर तिची मैत्रीण आर्डिस हसली. "आणि तो मसाला! अगं, आपल्या गावाला मिरपूडसुद्धा झोंबते."

"झोंबू दे. बाकी सगळ्या बटाटेच नेणार आहेत."

"निदान पत्र्याच्या ट्रेमधून ने. भांडं परत यायची कटकट नको."

"बघते," असं म्हणून लव्हॉनने निळ्या फुलांचं काचेचं भांडं काढलं. त्याच्या कोपऱ्याचा टवका उडालेला होता. तिच्या नवऱ्याने, केर्मिटने, एकदाच भांडी घासली होती, त्याची ती आठवण. तिने चिकटपट्टीवर निळ्या शाईने आपलं नाव लिहिलं आणि पट्टी भांड्याच्या तळाला घट्ट दाबून बसवली.

मिनेसोटातल्या त्या गावात कुणी वारलं की घरोघरचं जेवण त्याच्या घरी जातं. नंतर त्या घराने भांडी घासून, पट्टीवरचं नाव वाचून, ज्याची त्याला नेऊन द्यायची. आणि भांडं घेऊन आलेल्याला कॉफी पाजल्याशिवाय सोडायचं नाही. केर्मिटला जाऊन चार वर्षं झाली होती. तेव्हापासून लव्हॉनची बेल वाजवायचा तो फक्त पार्सलवाला, आणि दार उघडेपर्यंत तोही पसार. ट्रे दिला तर कचऱ्यात जातो, भांडं दिलं तर माणूस येतो, हे तिला पक्कं कळलं होतं. म्हणून कुणी गेलं की ती आधी मनापासून हळहळायची आणि मग चांगलं भांडं काढायची. याची तिला लाजही वाटायची.

या खेपेला मार्लिस गेली होती. मागे राहिला होता तिचा नवरा ऑर्व्हिल, पंचाहत्तरीचा, आधीच मितभाषी.

आठवडा गेला. लव्हॉन रोज कॉफीचं पाणी ठेवायची आणि रोज एकटीच प्यायची.

"माझं भांडं गुरुवारीच आलं," आर्डिस म्हणाली. "दारातूनच दिलं बाबाने. बस म्हटलं तर कोटसुद्धा काढला नाही."

पुढच्या मंगळवारी दुपारी बेल वाजली. दारात ऑर्व्हिल होता, टोपीवर बर्फ, हातात झाकणाचं पिवळं भांडं.

"हे तुमचं का? गरम पाण्यात पट्ट्या सुटल्या हो सगळ्या. काही कळेना कुणाचं कुठलं."

"माझं नाही. पण या ना आत. कॉफी ठेवलीये."

त्याने कोट काढला. तिने दुपारीच केलेल्या टाकोच्या दोन करंज्या संपवल्या, तिसरीकडे बघितलं.

"घ्या की. पाहताय काय नुसते?"

"मार्लिस मीठसुद्धा मोजून घालायची," तो म्हणाला आणि तिसरी घेतली. डोळ्यांत पाणी आलं ते मसाल्याने की कशाने, लव्हॉनने विचारलं नाही.

त्यापुढच्या मंगळवारी तो तपकिरी भांडं घेऊन आला. तेही तिचं नव्हतं. मग एक लांबट पांढरं आलं. चौथ्या मंगळवारी पुन्हा तेच पिवळं. लव्हॉनला भडभडून आलं. बायको गेल्यापासून बिचाऱ्याचं डोकं ठिकाणावर नाही, तीन आठवड्यांपूर्वी काय आणलं तेही आठवत नाही. "हे माझं नाही," एवढंच ती म्हणाली आणि करंज्यांची बशी पुढे सरकवली. आता ती दर मंगळवारी सकाळीच नळी फोडून ठेवत होती. केस विंचरून, ठेवणीतला स्वेटर घालून बसत होती. आठवड्याला एक वार तरी होता, ज्याला नाव होतं.

रविवारी चर्चबाहेर आर्डिसने तिला गाठलं. "सगळ्यांची भांडी कधीच पोचली म्हणे. फक्त तुझंच राहिलंय. आता सुटशील बाई तू त्या म्हाताऱ्याच्या फेऱ्यांतून!"

"हो ना," लव्हॉन म्हणाली. घरी येऊन ती कोट न काढता बराच वेळ खुर्चीत बसून राहिली.

मंगळवारी बेल वाजली. तिने दार उघडलं. ऑर्व्हिलच्या दोन्ही हातांत निळ्या फुलांचं भांडं होतं, कोपऱ्याचा टवका तिच्याच बाजूला.

"घरात आता एवढंच उरलंय," तो बुटांकडे बघत म्हणाला. "हे तरी तुमचंच असेल."

ओव्हनमधून चीजचा वास येत होता. टेबलावर दोन कप मांडलेले होते. लव्हॉनने भांड्याकडे बघितलं, टवक्याकडे बघितलं. आयुष्यात ती कधी धड खोटं बोलली नव्हती.

"नाही," ती म्हणाली. "माझं नाही हे."

ऑर्व्हिलने मान वर केली.

"मग कुणाचं ते शोधायलाच हवं," तो म्हणाला. "पुढच्या मंगळवारी येऊन सांगतो."

"या. आणि आत्ता आत या, करंज्या गार होतील."

बूट काढायला तो वाकला आणि त्याने भांडं काखेत धरलं. भांड्याचा तळ तिच्याकडे झाला. तिथे चिकटपट्टी जशीच्या तशी होती, आणि तिच्यावर निळ्या शाईत, ठसठशीत, लव्हॉनचं नाव.