न पाहिलेला फाउल

मॅच संपायला बावीस सेकंद उरले होते आणि रेफरी बुद्धभूषण अजून मधल्या रेषेवरच होता. सगळ्या मुली पुढे बास्केटखाली पोचल्या होत्या. त्याला दिसत होत्या फक्त पाठी. फट असा आवाज झाला, पांढऱ्या जर्सीतली एक मुलगी पडली, आणि त्याची शिट्टी वाजली.

"फाउल. निळा, अकरा नंबर."

निळी अकरा म्हणजे आन्या. वय बारा. तिचा हा पाचवा फाउल, म्हणजे मॅचमधून बाहेर. निळा संघ एका पॉइंटनं पुढे होता आणि त्यांच्यात तिच्याएवढी उंच दुसरी कुणी नव्हती.

"काका, आय डिडन्ट टच हर," आन्या म्हणाली. एरवी कोर्टावर ती त्याला रेफच म्हणायची. भांडली नाही. बेंचवर जाऊन बसली.

अ‍ॅशबर्नच्या त्या जिममध्ये सकाळपासूनची त्याची ही चौथी मॅच. वय त्रेचाळीस. नागपूरला असताना तो एका नव्या व्यावसायिक लीगमध्ये दोन सीझन खेळला होता. बास्केटबॉलचा पगार घेणारी ओळखीतली पहिलीच पोरं ती. तिसऱ्या सीझनआधी लीग बंद पडली. गुडघे तोवर गेलेच होते. मग आयटी, व्हिसा, अमेरिका. आठवडाभर सर्व्हर सांभाळायचे आणि शनिवारी पट्ट्यांचा शर्ट चढवून पोरांमागे धावायचं.

स्कोअरच्या टेबलाकडे जाता जाता त्यानं आठवून पाहिलं. आन्याचा हात दिसला होता का? नाही. आवाज ऐकला होता. तसा आवाज नुसत्या बॉलवर थाप पडली तरी होतो.

जोडीदार रेफरी वेंडेल, पासष्टीचा, बास्केटखालीच उभा होता.

"तू पाहिलंस?" बुद्धभूषणनं विचारलं.

"माझ्यापुढे गर्दी होती. वाजवलीस ना? मग झालं. खेळ सुरू कर."

बुद्धभूषण स्कोअरच्या टेबलापाशी गेला. मग त्यानं दोन्ही कोचना जवळ बोलावलं.

"माझी चूक झाली. मी पाहिलं नव्हतं, आवाजावर शिट्टी दिली. फाउल रद्द. बॉल पांढऱ्यांकडेच राहील."

पांढऱ्यांची कोच हातातली फाइल बेंचवर आपटून म्हणाली, "मी तुमची तक्रार करणार आहे." बाकांवरून आरडाओरडा सुरू झाला. निळ्यांचा कोच शंतनू, आन्याचा बाबा, त्याच्या अगदी जवळ आला आणि मराठीत म्हणाला, "पाहिलं नव्हतंस तर वाजवलीस कशाला यार? पोरीचा कॉन्फिडन्स घालवलास."

"सॉरी," बुद्धभूषण म्हणाला.

आन्या परत आली. पांढऱ्यांनी रेषेबाहेरून बॉल आत टाकला. मघा पडलेल्या मुलीनंच आन्याच्या हातावरून शॉट मारला आणि तो बास्केटमध्ये गेला. निळे एका पॉइंटनं हरले. रेफरीशी कुणी हात मिळवला नाही. जिंकलेल्यांनीसुद्धा नाही.

मागच्या खोलीत बुटांच्या नाड्या सोडताना वेंडेल म्हणाला, "ती पोरगी स्वतःच्याच पायात अडखळली होती. मी पाहिलं होतं."

"मग मघाशी बोलला का नाहीस?"

"जोडीदाराची शिट्टी मोडायची नसते. एकतीस वर्षं हेच करतोय मी." वेंडेलनं दुसरी नाडी ओढली. ती सुटेना. "तू जे केलंस, ते मी एकदाही केलेलं नाही."

बुद्धभूषण गाडीत जाऊन बसला. बऱ्याच वेळानं त्यानं नीलांबरीताईंना फोन लावला. कोणत्या रेफरीला कोणती मॅच, ते त्या ठरवायच्या.

"ताई, मोठ्या मुलांच्या मॅच मला नका देत जाऊ आता. माझ्यानं पोचणं होत नाही."

"अहो, मग सहा-सात वर्षांचीच उरतात. तिथे स्कोअरसुद्धा ठेवत नाहीत."

"चालेल."

"तुम्ही तर प्रो खेळलेले आहात."

"हो. दोन सीझन."

पुढच्या शनिवारी छोटं कोर्ट होतं, खाली उतरवलेल्या बास्केट होत्या. एका मुलीनं बॉल दोन्ही हातांनी पोटाशी धरला आणि एकदाही टप्पा न मारता ती कोर्टभर धावत सुटली, तीही आपल्याच बास्केटकडे. बाकांवरचे आईबाप हसायला लागले. शिट्टी बुद्धभूषणच्या तोंडातच होती.

त्यानं तिला पोचू दिलं.