धरणीमायचा ताप

पृथ्वीचं तापमान वाढतंय, हे यादवरावांनी माहितीपटातून परोपरीनं सांगून पाहिलं. पण यावलकडच्या गावांत कुणाला काही उमगेना. शेवटी त्यांनी एका कीर्तनकारबुवांना कॅमेऱ्यापुढं उभं केलं. बुवांनी चिपळ्यांच्या तालावर एवढंच आळवलं, "धरणीमायला ताप चढलाय गं, बायांनो!" पडद्यापुढं बसलेल्या बायांनी डोळ्यांना पदर लावले. यादवराव भरून पावले.

दुसऱ्या दिवशी सकाळी, आठवड्यातून एकदाच येणारा टँकर आला. बायांनी हंडे भरले आणि भेगाळलेल्या भुईवर ओतले. घरात कुणाला गोवराचा ताप आला की देवळातल्या शीतळामायवर पाणी ओततात, तसेच.

"द्रौपदाअक्का, आता पोरं काय पितील?" यादवराव ओरडले.

द्रौपदाबाईनं रिकामा हंडा पालथा घातला.

"तुम्हीच सांगितलं ना, भाऊ, मायले ताप चढला म्हनून? माय वाचली, तं पोरं वाचतीन."