घडीचं टेबल

"वृंदा, टेबल मिटव गं. पानं घ्यायचीत," सासूबाईंनी स्वयंपाकघरातून हाक दिली.

वृंदासमोर गिऱ्हाइकाचं घड्याळ उघडं होतं. चक्रं, स्प्रिंग, मोहरीहून बारीक स्क्रू, सगळं क्रमानं मांडलेलं. नवरा गेल्यावर त्याचं घड्याळदुरुस्तीचं काम तिनं घरात सुरू केलं, तेव्हापासून रोज जेवणाच्या वेळी हेच चालायचं. टेबल मिटवायचं, सुटे भाग डबीत भरायचे, आणि एखादा स्क्रू हमखास हरवायचा. काल तर एक गिऱ्हाईक वैतागून घड्याळ परत घेऊन गेलं होतं.

"आज नाही मिटवणार, आई."

सासरे पाट हातात घेऊन उभे होते. "अगं, घडीचं टेबल ते! काम झालं की मिटवायचं, म्हणून तर घेतलं. जेवायला काय छपरावर बसू?"

"काम झालेलं नाही, अण्णा."

तिनं सुटे भाग झाकले. टेबलाखाली वाकून प्रत्येक पायाच्या बिजागरीवर लोखंडी पट्टी आडवी ठेवली आणि स्क्रू पार आवळले. पाय ओढून पाहिले. एकही दुमडला नाही.

अण्णांनी वाकून एक पाय स्वतः ओढून पाहिला. मग पाट घेऊन स्वयंपाकघराकडे वळले.

"अगं, आतच वाढ," ते बायकोला म्हणाले. "दुकानात कुणी जेवतं का?"