पणजोबांचं खोगीर

खोगीर पुन्हा घसरून खेचराच्या मानेवर आलं आणि त्याच्यासोबत जयसिंहरावही. उतारावर उभे असलेले लोक या वेळी हसले नाहीत. त्यांचं पहिल्या वेळीच हसून झालं होतं.

संस्थान विलीन झालं होतं. फौज मोडून नव्याने बांधायचं काम छावणीत चालू होतं. रिसाला बंद झाला. घोडेस्वारांनी खेचरांच्या तुकडीत यावं, नाहीतर घरी जावं, असा हुकूम होता. घरी जाऊन जयसिंहराव खाणार काय? पेन्शनीला अजून अवकाश होता आणि जहागीर म्हणावी तर ती फक्त बोलण्यातच उरली होती. परीक्षा तशी सोपी होती. आपल्या खेचराचं सामान आपणच निवडायचं, वर बसायचं आणि टेकडीचा उतार उतरून दाखवायचा. उद्या शेवटची संधी होती.

कोठारात खेचरांची खोगिरं रचून ठेवली होती. जयसिंहरावांनी त्यांना हातही लावला नाही. त्यांनी घरून पणजोबांचं खोगीर आणलं होतं. वर लाल मखमल, कडेला जर. यावर बसून पणजोबांनी लढाया मारल्या, असं घरात सांगत. खंडेनवमीला त्याची पूजा होई. ते कुठल्याच घोड्याला नीट बसत नसे, पाठ सोलून काढी. पण तेही अभिमानानेच सांगत. त्या तोलाचा घोडाच आता मिळत नाही म्हणे!

"रावसाहेब, बसलंय तर मस्त," खोगिराचा पोटाखालचा तंग सोडवत दफेदार सूर्याजी म्हणाला. "पण खेचराच्या खांद्याला उंचवटा नसतो. उतारावर दुमचीशिवाय टिकणार कसं? मागची मखमल थोडी फाडू, कडी शिवून टाकू. बस, इतकंच काम."

दुमची म्हणजे शेपटाखालून जाणारा पट्टा. तोच खोगीर मागे धरून ठेवतो. हे जयसिंहरावांना ठाऊक नव्हतं असं नाही.

"पणजोबांची मखमल खेचराच्या शेपटापायी फाडू? नोकरी गेली खड्ड्यात!"

सुंभ जळला तरी पीळ जात नाही. त्यांनी खोगीर उचललं आणि चालू लागले. सूर्याजीने तरी एक दुमची त्यांच्या खांद्यावर टाकलीच.

घरी आल्यावर त्यांनी आईला, कुसुमताईंना, सगळं सांगितलं. उद्या जाणार नाही, हेही सांगितलं. कुसुमताईंनी शिवणाच्या पेटीतून कात्री काढली, खोगीर पुढ्यात ओढलं आणि मागची मखमल टराटरा कापली.

"आईसाहेब!" जयसिंहराव ओरडले. आईवर ते आयुष्यात पहिल्यांदाच ओरडले.

मखमलीखाली जुनं काळं कातडं होतं. त्यावर लोखंडी कडी शिवलेली होती, पट्ट्याने घासून अर्धी झिजलेली.

"ही मखमल माझ्या सासूबाईंनी चढवली," कुसुमताई म्हणाल्या. "तुझे पणजोबा रिसाल्यात कधीच नव्हते. फौजेच्या मागून दारूगोळ्याची खेचरं घेऊन जायचे. कुणाला बोलायचं नाही, असं मला बजावलं होतं. नाही बोलले आजवर."

जयसिंहरावांना रडू येत होतं आणि हसूही. त्यांनी खांद्यावरची दुमची काढली आणि कडीत ओवली. ती अलगद बसली. उद्या जायचं, हे आता सांगायची गरज उरली नव्हती.

"पण मग आईसाहेब, आपल्या घोड्यांच्या पाठी..."

"खोगीर बरोबरच होतं रे," कात्री पेटीत ठेवत कुसुमताई म्हणाल्या. "तीन पिढ्या आपण जनावर चुकत होतो."