काळशंख

त्या बेटावर प्रत्येकाला जन्मतः काळशंख मिळे. तो उलटा केला की हवी ती गेलेली सकाळ परत येई, आयुष्यात एकदाच. मरण मात्र टळत नसे, बोललेलं तेवढं बदलता येई. समुद्रावर निघालेल्याला टोमणा मारूनच धाडत, म्हणजे उत्तर द्यायला तो परतेल. सेइनीही बापाला म्हणाली होती, "खेकडासुद्धा तुझ्यापेक्षा बरा वल्हवतो!" बाप खदखदून हसत गेला आणि बुडाला. ते शब्द तिला वर्षभर डाचले. शेवटी तिने शंख उलटा केला. तीच सकाळ, तीच होडी. "बाबा, तुझ्यासारखा नावाडी बेटावर नाही." बापाचं वल्हं थबकलं. तिच्या मुठीतला उलटा शंख त्याने पाहिला. "म्हणजे मी परत येत नाही तर. वेडे, नेहमीसारखी टिंगल तरी करायचीस!" त्याने होडी लोटली. "खेकडासुद्धा बरा वल्हवतो!" ती मागून ओरडली. बाप हसला, तिचं मन राखायला.