दक्षिणेकडचं दार

दार दक्षिणेकडे निघालं आणि खुशालराव जागच्या जागी थांबले.

"हे कोनीकडे तोंड केलं जी घराचं?"

घर मालगाडीनं अकोल्यात आलं होतं. भिंती वेगळ्या, छप्पर वेगळं, शिवाय पोतंभर बोल्ट. आठवड्याच्या आत कचेरीमागच्या मैदानावर ते उभंही राहिलं. लग्न पाहावं करून आणि घर पाहावं बांधून म्हणतात, त्यातलं निम्मं सरकारनं परस्पर उरकलं होतं. नमुन्याचं हे पहिलंच घर. नोकरीत जो वरचा, त्याचा हक्क आधी. सगळ्यांत वर हेडक्लार्क खुशालराव, म्हणजे कचेरीचे बडे बाबू. सगळ्यांत खाली चपराशी भगवंत. तो सर्वांच्या मागे तोंड पाडून उभा होता.

तोंड पाडायला त्याला बरेच कष्ट पडत होते. काल भर दुपारी तो याच घरात झाडू मारायला गेला होता. दार लोटलं, आणि विहिरीच्या पायऱ्या उतरल्यासारखं वाटलं. बाहेर मे महिना, आत संक्रांत. आणि कचेरीच्या पडवीला लागून टिनाखाली त्याची पंचफुला, नववा महिना लागलेली, ओलं लुगडं अंगावर घेऊन पडली होती. हे घर वरच्या कोणालाच आवडू नये, एवढंच त्याला हवं होतं. मागायची सोय नव्हती. चपराशानं मागितलं असतं, तर त्यात काहीतरी असणार हे बड्या बाबूंनी ताबडतोब ओळखलं असतं.

"दिशेचं काय घेऊन बसलात?" ओव्हरसियर म्हणाले. ते पुण्याकडचे. "वीतभर जाड भिंत आहे. दोन्हीकडून सिमेंटचे पत्रे, मध्ये दाबून भरलेली कपाशीची पऱ्हाटी. थर्मास आहे, थर्मास!"

खुशालरावांनी टरबूज वाजवावं तशी भिंत वाजवली. "पोकय वाजते."

"लाथ मारून पाहा."

लाथ मारली. भिंतीला काही झालं नाही. खुशालराव थोडा वेळ एका पायावर उभे राहिले.

"फिरवून द्या मंग. दार पूर्वेकडे करा."

भगवंतनं मान वर केली. बोल्टांचं घर, फिरवलं तर फिरेलही.

"फिरेल की," ओव्हरसियर म्हणाले. "मंजुरी मागवावी लागेल. पूर्वी नागपूरहून यायची, आता मुंबईहून येते."

"म्हंजे नातवाच्या लग्नात," पार्बताबाई म्हणाल्या. खुशालरावांच्या पत्नी. त्या पदर डोक्यावर ओढून जरा लांबच उभ्या होत्या. "चला जी घरी. यमाची दिशा हाये ते."

"निदान आत येऊन तर पाहा," ओव्हरसियर म्हणाले.

खुशालरावांच्या मानेवरून घामाची धार लागली होती. "पाह्यला काय जाते?" ते म्हणाले, आणि त्यांनी एक वहाण काढली.

भगवंतला वाटलं, संपलं. एकदा आत गेले की हा माणूस यमाला पाट मांडून बसेल, पण बाहेर येणार नाही. तो खाकरला.

"बाईसाहेब," तो अदबीनं म्हणाला, "बिनपूजेचा पाय आत पडला, तं तोच गृहप्रवेश धरतेत का जी? आमाले त्यातलं समजत नाई, म्हून इचारलं."

"पाय मांगं घ्या आधी!" पार्बताबाई ओरडल्या.

पाय मागे आला. वहाणेत गेला.

मग कॅशियर म्हणाले, बड्या बाबूंनी सोडलेलं घर आपण घेणं बरं दिसत नाही. टायपिस्टाला कॅशियरच्या पुढं जाणं बरं दिसेना. असं बरं न दिसता न दिसता घर भगवंतपाशी येऊन थांबलं.

"तुला चालेल का रे?" ओव्हरसियर म्हणाले. समजावून समजावून त्यांचा आवाज बसला होता. "दार दक्षिणेला आहे. नंतर तक्रार नको."

"साहेब, आमी दिशा छप्पन सालीच बदलली, नागपूरले दीक्षा घेतली तवा."

मग खुशालरावांनी उदार होऊन हात हलवला. "देऊन टाका त्याले. गरिबाचं काम होते."

पंचफुला डोक्यावर ओलं फडकं टाकून, कचेरीच्या भिंतीच्या सावलीनं हळूहळू आली. भगवंतनं तिला आत घेतलं आणि दार लोटलं. ती मधोमध उभी राहिली. मग भिंतीला पाठ लावून खाली बसली. बराच वेळ तिनं नुसता श्वास घेतला.

"लेकराले झोप लागन इथं," ती म्हणाली. "तुमी काहून तोंड दाबून उभे?"

"निंबाखाली समदे बोलून राह्यले. तुले आयकू येते का?"

तिनं कान दिला. "नाई."

"मंग आतलंबी भायेर जात नसन."

आणि भगवंत हसायला लागला. आधी उभ्यानं, मग भिंत धरून, मग खाली बसून. डोळ्यांना पाणी आलं तरी थांबेना. पंचफुलाही पोट सावरत हसू लागली, कशाला ते कळलं नव्हतं तरी.

बाहेर निंबाखाली खुशालराव उपरण्यानं वारा घेत बसले होते. पार्बताबाईंनी त्या बंद दाराकडे पाहिलं. त्यांना वाईट वाटलं.

"काईच आवाज नाई जी," त्या म्हणाल्या. "रडून राह्यला असन बिचारा."